उतरवून ठेवलेली तार

यावर तुमचा विश्वास बसणार नाही. लावा पैज.

मी आजवर भरपूर थापा मारल्या, कबूल. पण ही थाप नाही. परवा दुपारी ही गोष्ट घरात सांगितली, तशीच्या तशी इथे लिहितो. समोर नात बसली होती. खिडकीशी वहिनी लोकर विणत होती. आतल्या खोलीत माझा दादा झोपला होता... त्याचं घोरणं बाहेरपर्यंत येत होतं. संथ, एका लयीत.

"आजोबा, मागच्या वेळी तुमच्याशी मांजर बोललं होतं," नात म्हणाली.

"ते मांजर वेगळं. गप्प बस आणि ऐक."

दादा पियानो लावायचा. म्हणजे तारा ताणून सूर जुळवायचा. इतका तिखट कानाचा, की कपावर चमचा आपटला तरी तोंड वाकडं करून म्हणायचा, "सूर उतरलाय." स्वतः मात्र जन्माचा बेसूर. गुणगुणायला लागला की शेजारी खिडक्या लावून घ्यायचे.

वहिनी लहानपणीच्या तापात आंधळी झालेली. नवरा तिने कधी पाहिलेलाच नाही, फक्त ऐकलेला. जिन्यावर चपलांची फटफट, मग खोकला, मग "अगं, आलो."

तिचा दादा म्हणजे एवढंच.

हे लक्षात ठेवा.

बाजारामागच्या गल्लीत काही मंडळी राहायची. नादकरी म्हणायचे त्यांना. आवाजाने जादू करणारे लोक. पिढ्यान्‌पिढ्या तोच धंदा. शीळ घालून दूध नासवायचे. टाळी वाजवून अख्ख्या घरात भांडण लावायचे. एका शेजाऱ्याच्या कोंबड्याने त्यांची झोपमोड केली, तर दुसऱ्या दिवसापासून तो कोंबडा मान ताणायचा, चोच उघडायचा...

आवाजच नाही.

"मग तो आवाज गेला कुठे?" नातीने विचारलं.

"शेजाऱ्याच्या कपाटात. रोज पहाटे आतून आरवायचा."

तर या मंडळींच्या दिवाणखान्यातला पियानो लावायला दादाला बोलावणं आलं. हत्यारांची पेटी उचलायला मी सोबत. रात्र नव्हती हो. भर दुपार होती. भुतं रात्रीचीच येतात असं कोणी सांगितलं तुम्हाला?

तिथे सगळे कापडी तळव्यांचे जोडे घालून फिरत होते. भिंतींना जाड गालिचे. आमचा श्वास आम्हालाच मोठा वाटत होता.

त्यांची प्रमुख एक बाई होती. ती दादाच्या कानाशी कुजबुजली, "सगळ्या तारा लावा. ही शेवटची तेवढी सोडा. ती आम्ही मुद्दाम उतरवून ठेवली आहे."

"का हो?"

"आमची माणसं मेली तरी त्यांचे आवाज मरत नाहीत. ते इथेच आहेत, या खोलीत. ती तार बेसूर आहे तोवर त्यांना बाहेर पडता येत नाही."

दादाने मान डोलावली. बाई गेली. काम झालं. दादाने झाकण मिटलं. उघडलं. परत मिटलं.

"दादा, चल ना."

"अरे, त्या बेसूर तारेने दाढ ठणकल्यासारखं होतंय मला. जरासंच फिरवतो."

"तिने सांगितलंय ना!"

पण हाताची सवय. मी मनगट धरायच्या आत त्याने चावी फिरवली आणि पट्टी दाबली.

सूर लागला. चोख.

आणि तो सूर... थांबेचना.

मागे पाहिलं तर दारात बाई उभी. हसत होती.

"लावलीत ना? आता त्या आवाजांतला एक तुमच्या घरी येईल. तुम्हालाही नीट लावून देईल."

आम्ही पेटी तिथेच टाकून निघालो. रस्त्यात दादा काहीतरी सांगत होता. मी म्हटलं, "अरे, मोठ्याने बोल की."

तो ओरडत होता.

गळ्याच्या शिरा फुगल्या होत्या... आवाज नव्हता.

मी खाली पाहिलं. त्याच्या चपला रस्त्यावर आपटत होत्या.

फटफट नव्हती.

घरी पोचलो. वहिनीने मान वर केली. "भावोजी, एकटेच? हे कुठे राहिले?"

दादा तिच्या अगदी समोर उभा होता.

तेवढ्यात जिन्यावर... फटफट. फटफट. मग खोकला.

"अगं, आलो."

दारात कोणीही नव्हतं.

वहिनी हसत उठली, दाराशी गेली, हात पुढे केला. तो हात हवेत थांबला. तिची बोटं दाबली गेली... कोणीतरी पकडल्यासारखी. मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं.

दादाने झेप घेऊन तिचा दुसरा हात धरला. ती केवढ्याने दचकली!

"भावोजी, हात सोडा! हे काय चाललंय?"

दादाचा तो चेहरा मला अजून दिसतो.

नात आता मला चिकटून बसली होती. "मग?"

"मग काय! सुटलो पळत. थेट नादकऱ्यांच्या दिवाणखान्यात घुसलो, बाईला ढकललं, पेटीतली चावी घेतली आणि ती तार केली सैल. खोलीभर किंकाळ्या! गालिचे टराटरा फाटले, काचा फुटल्या, छत..."

"आजोबा, छत राहू द्या."

"बरं, छत राहिलं. पण तार मी सैल केली. परत येऊन बघतो तर दादा टेबलाशी बसून चहा पितोय, वहिनीशी गप्पा मारतोय. आवाजासकट! ऐक, आत्ता आत कसा निवांत घोरतोय."

नातीने सुटकेचा निःश्वास टाकला.

खिडकीशी सुया थांबल्या.

"भावोजी, खोटं," वहिनी म्हणाली. "तार तुम्ही सैल केलीच नाहीत."

"अगं वहिनी, मी स्वतः..."

"हे घोरायचे तेव्हा कोणी गंजलेलं फाटक ओढतंय असं वाटायचं. 'अगं' म्हणतानासुद्धा यांचा आवाज घसरायचा. तेवढ्यावरच तर मी ओळखायचे." तिने आतल्या खोलीकडे मान वळवली. "हा इतकी वर्षं सुरात घोरतोय."

मी आतल्या दाराकडे वळून पाहिलं.

आतलं घोरणं थांबलं होतं.