तणमोराची मान

२०६८ साली जगातले सगळे तणमोर एकाच छपराखाली राहत होते. वाशीमजवळच्या केंद्रात यंत्राच्या उबेवर जन्मलेले सव्वाशे पक्षी. खात होते, वाढत होते, पण उडी मारत नव्हते. तणमोराचा नर उंच गवतावर झेप घेतो आणि ती दुरून पाहून मादी त्याला निवडते. ही झेप अर्धी रक्तात असते, अर्धी पाहून शिकायची असते. इथे शिकवणारं कुणी उरलं नव्हतं.

उरलं होतं ते चित्रण. वत्सला तायडे यांनी उमेदीची तीस वर्षं माळरानं टिपण्यात घालवली होती. आता त्या बहात्तर वर्षांच्या होत्या.

“माझी फिल्म दाखवा की त्यांना,” त्या केंद्रप्रमुख डॉ. नाझनीन देशमुखला म्हणाल्या.

“दाखवली, ताई. ढुंकूनही बघत नाहीत.”

“इतकी वाईट काढलीय?”

नाझनीन हसली. “आपल्या डोळ्याला सेकंदाला चोवीस चित्रं पुरतात. पक्ष्याची नजर फार चपळ, त्याला ती लुकलुकताना दिसतात. शिवाय आपल्याला न दिसणारा एक रंग त्याला दिसतो, अतिनील. तुमचा तणमोर त्यांच्या लेखी विटलेलं चित्र.”

पण झेप मंद गतीत दाखवता यावी म्हणून वत्सलाताईंनी सेकंदाला दोनशे चित्रं घेतली होती. हरवलेला रंग संग्रहालयातल्या जुन्या पिसांवरून मोजून भरला गेला. दोन वर्षांनी ‘खगपट’ तयार झाला, पक्ष्यांच्या डोळ्यांसाठी बनवलेला चित्रपट.

पडदा उजळला. एक नर थबकला. त्याचा तुरा ताठ झाला, पंख फडफडले आणि तो जमिनीवरून उसळला.

“उडाला गं, उडाला!” वत्सलाताई टाळ्या पिटत होत्या आणि डोळेही पुसत होत्या.

पुढच्याच वर्षी पक्षी माळावर सोडले. घरटी झाली, पिल्लं झाली. तिसऱ्या हंगामात वत्सलाताई पुन्हा कॅमेरा घेऊन आल्या आणि दिवसभराचं चित्रण पाहताना ते पुन्हा पुन्हा मागे नेऊ लागल्या. झेपेच्या टोकाला प्रत्येक नर मान उजवीकडे वळवत होता. खगपट ज्या एका झेपेवरून केला होता, ते जुनं चित्रण त्यांनी लावलं. तिथेही तेच.

“नाझनीन, कॅमेरा गवतात लावून मी त्या बाजूला बाभळीखाली बसले होते. ऐन वेळी मला शिंक आली.”

दोघी पोट धरून हसल्या.

“बाई गं! तेवढा तुकडा कापून टाक.”

“आता उपयोग नाही, ताई,” नाझनीन हळूच म्हणाली. “माद्यांनीही तोच खगपट पाहिलाय. जो नर मान वळवत नाही, त्याच्याकडे एकही मादी जात नाही.”

समोरच्या गवतातून एक कोवळा नर उसळला. तो या माळावरच जन्मला होता, खगपट त्याने कधी पाहिलाच नव्हता. उंच, डौलदार, अगदी रानातली झेप. वत्सलाताईंचा ऊर भरून आला.

टोकाला पोचताच त्याने मान वळवली आणि जिथे कुणीच नव्हतं, तिकडे दचकून पाहिलं.