लिंबाचा डहाळा

उगवतीच्या तांबूस प्रभेत सोनजाईगडाचे बुरूज उजळत असता पायथ्याच्या रणभूमीवरून जखमींचे कण्हणे अद्याप उठत होते. आणि जिच्या दारी लिंबाचा डहाळा बांधला होता, त्या राहुटीत रघुनाथभट वैद्य एका घायाळाची मान शिवीत होते. त्या डहाळ्याआत कोणत्याही पक्षाचे शस्त्र शिरत नसे. आधी पाणी, मग पट्टी, आणि मगच नाव, तेही बांधणाऱ्याने आपले सांगून पुसावयाचे, असा तेथला शिरस्ता होता.

याच शिरस्त्याच्या भरवशावर गेल्या अमावास्येस वैद्यांचा धाकटा भाऊ जखमी होऊन तेथे निजला होता. शत्रुपक्षाच्या मालोजी घोरबंडाने डहाळ्यासकट राहुटी पेटविली. भाऊ गेला, जे वाचले, ते भाजून. तेव्हापासून वैद्यांच्या बटव्यात वचनाग विषाची पुडी होती, मालोजीसाठी राखलेली.

पट्टीची गाठ बसली. "मी रघुनाथभट. आपण?"

रक्ताचिखलाने माखलेले तोंड हसले. "मालोजी घोरबंड. आधी पुसावं, वैद्यबुवा!"

वैद्यांचा हात बटव्यात गेला. तोच सरदार हैबतराव दाराशी गरजले, "वैद्यराज, तो चांडाळ बाहेर द्या! आपल्या भावाचा सूड आम्ही घेतो."

"तलवार डहाळ्याबाहेर, सरदार. माझा सूड मी कोणास उसना देत नाही." वैद्यांनी पुडी काढून पाहिली आणि पुन्हा बटव्यात टाकली. "विषाने हा लगेच सुटेल."

मालोजीची जखम भरली. बऱ्या झालेल्याने निघण्यापूर्वी इतरांची सेवा करावी, हाही शिरस्ताच. वैद्यांनी त्यास सुभानजीच्या बाजेशी बसविले. त्या जळितात सुभानजीचे डोळे गेले होते. मालोजीने पाणी पाजले, पट्टी बांधली. सुभानजीने चाचपत त्याचा हात कपाळी लावला.

"देवमाणूस आहेस, बाबा! नाव काय तुझं?"

मालोजीने कळवळून वैद्यांकडे पाहिले.

"शिरस्ता आहे, राव. सांगा."

"मालोजी... घोरबंड."

सुभानजीने पट्टी ओरबाडून फेकली. त्याचा हंबरडा गडाच्या कड्यावर आदळून परत आला. वैद्य डोळे मिटून तो शेवटपर्यंत ऐकत राहिले.

"पुढच्या बाजेकडे चला," ते म्हणाले.

मालोजी डहाळ्याबाहेर राहिलेली आपली तलवार न्यावयास कधीच गेला नाही. तो मरेपर्यंत जळालेल्यांच्या पट्ट्या बांधीत राहिला. आजही महापुरात त्या माळावर मदतीचे तंबू उभे राहतात, तेव्हा दारी डहाळा असतो. आधी पाणी, मग पट्टी, मग नाव. लोक रघुनाथभटांस दयामूर्ती म्हणतात. ते खरे का, हे मालोजीस मात्र कोणी विचारले नाही.