बायपासवरचा तीन वाजताचा आवाज

आधीच सांगतो, या गोष्टीत रात्र नाही. अमावस्या नाही, स्मशान नाही, पिंपळ नाही. जे झालं ते भर उन्हात झालं, दुपारी तीन वाजता, पाटोदा तालुक्यातल्या एका गावात. गेल्या वर्षीची १६ एप्रिल. बुधवार.

ज्यांच्या बाबतीत झालं ते बंकट मिस्त्री माझे सख्खे मामा. हा माणूस आयुष्यभर देवळात गेला नाही आणि भुताला भ्याला नाही. मला त्यांनी हे एकदाच सांगितलं. सांगताना माझ्याकडं पाहिलं नाही.

मामांचं ट्रॅक्टर दुरुस्तीचं गॅरेज. घर पुढं, मागं पत्र्याचं शेड. त्यांना एकच लेक, रोहिणी.

पोरीचा कान बापाचा होता. सात-आठ वर्षांची असताना चालू ट्रॅक्टरजवळ उभी राहून ती सांगायची, "आबा, तिसरा दम घेत न्हाई." मामा उघडून बघायचे, तर तिसराच पिस्टन गेलेला असायचा. पुढं अंबाजोगाईला तिनं डिप्लोमा केला. सगळ्यांना वाटलं, आता पुण्याला कंपनीत जाईल. ती परत आली आणि म्हणाली, "मला ड्रॅगस्टर बनवायचीय."

मामांनी विचारलं, ते काय असतं?

तिनं मोबाईलवर दाखवलं. लांबच्या लांब, सडपातळ गाडी. पुढची चाकं सायकलीसारखी बारीक, मागची ट्रॅक्टरसारखी जाड. ती गाडी वळत नाही. सरळ रेषेत चारशे मीटर पळते. दहा-बारा सेकंदांत खेळ संपतो.

"एवढ्यासाठी एवढा खटाटोप?" मामा म्हणाले.

"आबा, त्या बारा सेकंदांत इंजिन काय बोलतं, ते ऐका तर खरं."

मामांनी ऐकलं. आणि तेही वेडे झाले.

दोन वर्षं लागली. पाईप वाकवून सोळा फुटांचा सांगाडा केला. मुंबईच्या भंगारबाजारातून एका मोठ्या परदेशी गाडीचं आठ सिलिंडरचं इंजिन टेम्पोत घालून आणलं. ते इथेनॉलवर चालायचं. जळलं की मळीसारखा गोडसर वास सुटायचा. गाव त्या गाडीला नाकतोडा म्हणायचं.

रोहिणीनं ती जुन्या पद्धतीची केली होती. इंजिन पुढं, त्याच्यामागं क्लच, आणि क्लचच्या दोन्ही बाजूंना पाय टाकून बसणारी ती.

क्लच तिच्या दोन मांड्यांच्या मधोमध. हे लक्षात ठेवा.

असा क्लच पूर्ण वेगात फुटला तर त्याचे तुकडे गोळीसारखे उडतात. म्हणून त्याच्याभोवती जाड पोलादी कवच लागतं. ते लेथवाल्याकडं करायला टाकलं होतं.

१९ जानेवारी, रविवार. पुढच्या आठवड्यात एका जुन्या धावपट्टीवर शर्यत होती. गावाबाहेरचा बायपास तेव्हा तयार होता, पण वाहतुकीला खुला नव्हता. दुपारी तीनला बापलेक गाडी घेऊन तिथं गेले.

कवच अजून आलेलं नव्हतं.

रोहिणी हेल्मेट हातात धरून उभी होती. "आबा, कवच आल्यावर पळवू. घाई कावून?"

मामा म्हणाले, "अगं एक खेप. शर्यतीआधी आवाज तरी कळंल. मी हाय ना."

मी हाय ना.

ती बसली. मामा गाडीच्या पुढं थोडं बाजूला उभे राहिले, हात वर करून. हात खाली आला की सुटायचं, असं त्यांचं ठरलेलं. तिनं सवयीप्रमाणं जागच्या जागी दोनदा रेस केली. मामांनी हात खाली घेतला.

गाडी सुटली. मागच्या चाकांतून धूर निघाला, जमीन हादरली.

अर्ध्या वाटेवर... फट्.

एवढाच आवाज. मोठा नव्हता. चिंध्यांचं गाठोडं आपटावं तसा.

गाडी सरळच जात राहिली आणि हळूहळू थांबली. मामा पळत गेले. पोरीचा चेहरा जसाच्या तसा होता. ती म्हणाली, "आबा, माझ्या डाव्या पायात कायतरी लागलंय."

बीडच्या दवाखान्याच्या वाटेवर, मामांच्या मांडीवर डोकं ठेवून ती गेली.

जानकीमामीला मामांनी एवढंच सांगितलं, की क्लच फुटला. पोरीनं थांबू म्हटलं होतं, हे सांगितलं नाही.

तेरावा झाला. दुसऱ्या दिवशी मामांनी शेडचं दार लावून घेतलं आणि इंजिन खोललं. आठही पिस्टन काढून पोत्यावर मांडले. क्रँकचा जड दांडा दोरीनं आढ्याला उभा टांगला. रिकामा ब्लॉक कोपऱ्यात, सांगाडा भिंतीला. हे इंजिन पुन्हा कधी चालणार नाही, अशी व्यवस्था करून त्यांनी कुलूप घातलं.

घरात आवाज उरला नाही. गिऱ्हाइकं आली की मामा हातानंच खूण करायचे, उद्या या.

मग ती १६ एप्रिल.

लाईट गेली होती. मामी ओसरीवर चिंच फोडत बसल्या होत्या. मामा खाटेवर पडले होते, डोळे उघडे.

पत्र्यावर कबुतरं घुमत होती. ती एकदम गप्प झाली.

आणि शेडमधून... स्टार्टर फिरल्याचा आवाज आला.

एकदा. थांबला. पुन्हा.

मग इंजिन लागलं.

धड्डक... धड... धड्डक. तो आवाज दुसऱ्या कुठल्या इंजिनाचा असणं शक्यच नव्हतं. तो कानापेक्षा पोटात आधी कळायचा. मामांच्या खाटेची लोखंडी पट्टी थरथरायला लागली.

मामी उठल्या. हाताला चिंच चिकटलेली तशीच. "रोहिणी आली का वो?"

मामांनी किल्ली घेतली. कुलूप काढेपर्यंत आवाज चालूच होता. दार ढकललं...

बंद.

पिस्टन पोत्यावर. क्रँक दोरीला. सगळ्यावर अडीच महिन्यांची धूळ, कुठं बोटाचासुद्धा ठसा नाही. पण शेडभर मळीसारखा गोडसर वास भरला होता.

मामांनी लांब स्क्रूड्रायव्हर घेतला. मिस्त्री लोक त्याचं टोक इंजिनाला टेकवतात, मूठ कानाला लावतात आणि आतला आवाज ऐकतात. त्यांनी टोक त्या रिकाम्या ब्लॉकला टेकवलं. मूठ कानाला लावली.

आत इंजिन चालू होतं.

आठच्या आठ. एकही चुकत नव्हता.

मग दोनदा रेस झाली.

मामांच्या हातून स्क्रूड्रायव्हर पडला. त्याच क्षणी बायपासकडून, दीड किलोमीटरवरून, गाडी सुटल्याचा आवाज आला. चढत गेला, चढत गेला...

फट्.

संध्याकाळी धुळाजी आले. त्यांची शेरडं बायपासच्या कडेला चरतात. ते दारातच उभे राहिले.

"मिस्तरी, गाडी कुणी काढलती?"

"कुणी न्हाई."

"मी आवाज ऐकला. शेरडं उधळली माझी. गाडी काय दिसली न्हाई, पर डांबरावर चाकांचे दोन पट्टे उमटल्यात. हात लावला तर ऊन लागत हुते."

दुसऱ्या दिवशी तीनला तेच. तिसऱ्या दिवशीही तेच. दरवेळी शेवटी ते फट्. मामा सांगत होते, "पोर रोज मरत हुती रे. रोज."

चौथ्या दिवशी मामा बायपासवर गेले.

रस्ता मोकळा होता. उन्हानं समोरचं सगळं हलत होतं. ते त्या जागी, जानेवारीत उभे होते तिथं उभे राहिले. तीन वाजले.

आवाज आला. दहा फुटांवर.

समोर काहीच नव्हतं. पण गरम हवेचा झोत पायजम्यावर येत होता. गोड वास येत होता. दोनदा रेस झाली, आणि मग इंजिन नुसतं चालू राहिलं...

वाट बघत.

मामांच्या लक्षात आलं आणि त्यांनी हात वर केला.

हात वर आहे तोवर ती सुटणार नव्हती.

"बंद कर, बाई," ते म्हणाले. "कवच न्हाई बसवलं. बंद कर."

इंजिन चालूच. मामांचा हात भरून आला, खांद्यात कळ उठली, तरी त्यांनी तो खाली येऊ दिला नाही. अर्ध्या तासानं इंजिन बंद पडलं. तापलेलं लोखंड गार होताना टिक टिक करतं, तेवढा आवाज थोडा वेळ आला. मग तोही थांबला.

त्या दिवशी फट् झालं नाही.

मग मामा रोज जायला लागले. रोज हात वर. खांदा सुजला. डाव्या हातानं उजवा धरून उभे राहायचे.

आणि इकडं मामी. तीन वाजायच्या आधी त्या वेणीफणी करून दारात बसायच्या. दीड किलोमीटरवरून आवाज यायचा तो डोळे मिटून ऐकायच्या. मामा घरी आले की म्हणायच्या, "आज लई साफ हुता आवाज." जानेवारीपासून तो आवाज येईपर्यंत ही बाई एक शब्द बोलली नव्हती. आता बोलत होती, जेवत होती.

मे महिन्यात मामांना ताप चढला. एक दिवस उठता आलं नाही. खाटेवरूनच त्यांनी ऐकलं. दोनदा रेस. सुटल्याचा आवाज.

फट्.

मामा लहान मुलासारखे रडले. मामी कपाळावर ओला फडका ठेवत होत्या. तेव्हा त्यांनी सांगून टाकलं.

"पोरगी थांबू म्हणलती. कवच आल्यावर पळवू म्हणलती. मीच बसवली तिला."

मामींचा हात थांबला. त्यांनी फडका पाण्यात बुडवून पुन्हा पिळला.

मग म्हणाल्या, "मंग आता तरी बसवा."

कवच लेथवाल्याकडं जानेवारीपासून तयार पडून होतं. मामांनी ते आणलं. नऊ दिवस नवराबायको शेडमध्ये होती. मामींनी जन्मात पाना धरला नव्हता, त्यांनी एकेक पिस्टन रॉकेलनं धुऊन दिला. क्रँक बसला, नव्या क्लच प्लेटा बसल्या. सगळ्यात शेवटी कवच. बोल्ट आवळताना मामा प्रत्येकाला दोनदा हात लावून बघत होते.

टाकीत थेंबभर इंधन घातलं नाही. बॅटरी जोडली नाही. गाडी ठोकळ्यांवर, चाकं अधांतरी. शेडला कुलूप घातलं.

२० मे. तीन वाजता मामा बायपासवर उभे होते.

आवाज आला.

आज तो वेगळा होता. जरा जड, जरा बसका. भोवती पोलाद असल्यावर येतो तसा.

दोनदा रेस झाली.

मामांनी हात वर धरला होता. ते म्हणाले, "बसवलंय, बाई. माझ्या हातानं बसवलंय. जा आता."

आणि हात खाली घेतला.

गरम वारा अंगावरून गेला. डांबरावर दोन काळे पट्टे त्यांच्या डोळ्यांदेखत उमटत गेले. अर्धी वाट आली. मामांनी श्वास धरला...

फट् झालं नाही.

आवाज पुढं गेला. तीनशे. साडेतीनशे. चारशे मीटरची खूण त्यांनी चुन्यानं केली होती, ती ओलांडून गेला.

इथं ॲक्सिलेटरवरचा पाय काढायचा असतो. पाय काढला की इंजिन फुटफुटतं, मग आवाज उतरतो.

तो उतरला नाही.

तसाच चढा, तसाच सरळ, डोंगराच्या दिशेनं... बारीक होत... बारीक होत... मग फक्त टिटवी ओरडत होती.

मामा घरी आले तेव्हा मामी शेडच्या दारात बसल्या होत्या. कुलूप काढलं. आत गाडी ठोकळ्यांवर होती तशीच. टाकी कोरडी, बॅटरी सुटी. मामांनी कवचावर हात फिरवला आणि एके ठिकाणी थांबले.

कवचाला टेंगूळ आलं होतं. आतून बाहेर. अंगठ्याएवढं. आत काहीतरी येऊन आदळलं होतं, आणि पोलादानं ते अडवलं होतं.

बरोबर डाव्या मांडीच्या जागी.

त्या दिवसानंतर तीन वाजता काही वाजलं नाही. आता बायपास सुरू झालाय. ट्रक जातात, उसाच्या ट्रॉल्या जातात. मामा तिकडं फिरकत नाहीत. मी टेंगूळ स्वतः बघितलं, बोट फिरवलं. मला मोटारीतलं फार कळत नाही. पण न चाललेल्या इंजिनात ते कसं आलं, हे ज्यांना कळतं अशा दोघांना विचारलं. दोघांनीही विषय बदलला.

गेल्या महिन्यात गेलो होतो, तेव्हा मामी दारातच बसल्या होत्या. वेणीफणी केलेली. मामा आत झोपले होते. मी शेजारी बसलो. घड्याळात तीन वाजून गेले.

मग मामी म्हणाल्या, "तू शिकलेला हायस. एक सांग. ती शर्यत संपल्यावर गाडी थांबायला किती वाट लागती?"

"तेवढीच अजून, मामी. चारपाचशे मीटर."

त्यांनी मान हलवली. डोंगराकडं बघत राहिल्या.

"मंग अजून कावून न्हाई थांबली?"