चार बोटांची मुभा

नर्सिंग कॉलेजच्या बॅडमिंटन हॉलमधलं जाळं काढून टाकलं होतं आणि समोरच्या पडद्यावर एक काळीज धडधडत होतं. पडद्यावर भोपळ्याएवढं, खरं आवळ्याएवढं. शेजारच्या इमारतीत टेबलावर निजवलेल्या तान्ह्या मीनलचं. तिची आजी सगुणाबाई खराडे कमरेवर हात ठेवून दाराशी उभ्या होत्या.

"ह्या बाई शिवणार?" त्यांनी यंत्रज्ञ इम्तियाज मुजावरला विचारलं. "अरे, चहा पिताना निम्मा बशीत सांडला त्यांचा!"

"निम्मा तरी प्यायले," डॉक्टर हेमलता सबनीस हसून म्हणाल्या. कंपवातानं त्यांच्या हातातली सुरी कधीच सुटली होती. पण मीनलच्या काळजावरची असली गुंतलेली रक्तवाहिनी शिवण्याचं कसब दुसऱ्या कुणाकडे नव्हतं.

"आजी, हात नका बघू, उतार बघा," इम्तियाज म्हणाला. "बाईंच्या हातातली ही मूठ हलली की तिकडे दूरहस्ताची, म्हणजे यंत्राच्या हातातली, सुई हलते. मूठ किती हलल्यावर सुई किती हलायची, तो उतार. आम्ही पाचशेवा भाग ठेवलाय."

"मग?"

"सुई केसभराहून जास्त चुकायला नको. केसाची पाचशे पट म्हणजे साधारण चार बोटं. हात चार बोटांच्या आत कितीही थरथरू दे, सुई केसाच्या आतच राहणार. हॉलच्या ह्या टोकाला थरथरला काय, त्या टोकाला काय. उतार सगळीकडे सारखा, म्हणून मुभाही सारखी."

"एवढं सोपं आहे तर शून्यच कर की उतार. थरथरीचं नावच नको!"

"मग बाई कोल्हापूरपर्यंत चालत गेल्या तरी सुई जागची हलायची नाही."

सगुणाबाईंना पटलं. तसं त्यांनी दाखवलं मात्र नाही.

शस्त्रक्रिया सुरू झाली. उतार थरथर खात होता, तशीच चालही खात होता. तांदळाच्या दाण्याएवढं अंतर तोडायला डॉक्टरांना खांबापासून खिडकीपर्यंत चालावं लागे. सुई खाली न्यायची तर वाकायचं, वर काढायची तर उठायचं. सत्तरीचे गुडघे ते! टाक्यामागून टाका पडत गेला, सुई कुठेही चुकली नाही, आणि शेवटच्या टाक्याला डॉक्टरांचे पाय लटपटले.

सुई वाहिनीत अर्धी शिरली होती.

"थांबा, बाई!" इम्तियाज ओरडला.

"थांबून कसं चालेल? प्रत्येक ठोक्याला भोक मोठं होतंय," डॉक्टर धापा टाकत म्हणाल्या. "पण मी पडणार बहुतेक."

पडणं काही चार बोटांत मावत नाही. वाहिनी फाटली असती. सगुणाबाई पुढे धावल्या तशी नर्स आडवी आली. "आजी, त्यांना हात लावायचा नाही! धक्का लागेल!"

"लागू दे. इम्तियाज, चार बोटांतली बाईंची थरथर किती खाते?"

"एक... फार तर दीड."

"मग राहिलेली माझी."

नर्सला बाजूला सारून त्यांनी डॉक्टरांच्या कमरेला विळखा घातला. इम्तियाजनं पडद्याकडे पाहिलं. हॉलमध्ये दोन म्हाताऱ्या चांगल्याच हेलकावल्या. पडद्यावर सुई जेमतेम शहारली आणि पुढे सरकली.

"टाका पाऊल. घाबरता कशाला? मी भाकरीवर वाढलेली बाई आहे, सोडत नाही."

"डावीकडे, सगुणाबाई. आता खाली... हळू."

दोघी वाकल्या, दोघी उठल्या. खिडकीपाशी पोहोचल्या तेव्हा टाका पुरा झाला होता, आणि तिकडून भूलतज्ज्ञाचा आवाज आला, "रक्त थांबलं. ठोके छान आहेत."

डॉक्टर भिंतीला टेकून जमिनीवरच बसल्या. सुई आता वाहिनीबाहेर होती; मूठ त्यांच्या हातातून गळून पडली. सगुणाबाई त्यांच्यासमोर बसल्या आणि त्यांची पोटरी मांडीवर घेऊन चेपू लागल्या.

"अहो, हे काय करताय?" डॉक्टर पाय ओढू लागल्या.

"गप बसा. माझ्या नातीसाठी आज तुम्ही जेवढं चाललात, तेवढे तिचे सख्खे काकासुद्धा चालले नाहीत. द्या तो दुसरा पाय."