पाणी खालून आलं

पार नावाच्या नदीचं गोडं पाणी थेट समुद्राच्या तोंडापर्यंत गोडंच जातं, याचा पुरावा बाटल्यांत भरून आणायचा, एवढ्यासाठी मल्हारी घराबाहेर पडला होता. तेही ऐन छाटणीत. बागेत कात्री चालू असताना मालकाने बांध सोडू नये, हे दिंडोरीतलं शेंबडं पोरही सांगेल. पण मल्हारीच्या बोअरला क्षार आला होता. पाण्याची ईसी, म्हणजे खारटपणाचा आकडा, दोनच्या वर गेला होता, आणि द्राक्षवेल दीडच्या पुढे कुरकुरायला लागतो. पानांच्या कडा करपत होत्या. आणखी एखाद-दोन हंगाम असेच गेले की वेल उपटून सरपणाला घालायचे. त्याला गोडं पाणी हवं होतं, आणि ते डोंगरापलीकडे सुरगाण्याच्या उतारावरून पश्चिमेला पळत होतं.

"समुद्राला मिळालेला थेंब म्हणजे वाया गेलेला थेंब!" हे वाक्य मल्हारीने गावोगावच्या सभांत म्हटलं होतं. टाळ्या पडायच्या. व्यासपीठावरून नदी वळवायला काय लागतं? एक माईक आणि पाठीमागे एक नकाशा. नकाशात नदीचं तोंड निळ्या रेघेएवढं असतं. तिथे कुणी राहतं, कुणी पाणी पितं, हे नकाशा सांगत नाही आणि नकाशा लावणाऱ्यालाही ऐकायचं नसतं. पाणी समितीचे अध्यक्ष रविराजभाऊ नाशकातल्या गार खोलीत बसून म्हणाले होते, "उगमापासून मुखापर्यंतचे नमुने आणा. सीलबंद. सोमवारी नदी वळवायच्या योजनेवर सुनावणी आहे. टेबलावर बाटली ठेवली की समोरचा गप्प बसतो." स्वतः मात्र येणार नव्हते. त्यांचा मणका दुखत होता. असल्या लोकांचा मणका नेमका चालायच्या दिवशी दुखतो.

निघाले तिघं. मल्हारी, दिंडोरीच्या माती-पाणी तपासणी केंद्रात काम करणारी रोहिणी, जिच्याकडे ईसी मीटर होता, आणि सहादू. सहादू सुरगाण्याकडच्या पाड्यावरचा. दरवर्षी टोळी घेऊन मल्हारीच्या बागेत छाटणीला यायचा. नदीच्या वरच्या अंगाचा दगड न् दगड त्याच्या पायाखालचा, म्हणून त्याला घेतलं. सोबत एक भाड्याची रबरी होडी.

त्या होडीने त्यांना जेवढं वाहिलं त्याच्या दुप्पट त्यांनी तिला वाहिलं. वरच्या खोऱ्यात नदी म्हणजे कातळांतून घुसणारी एक चिंचोळी धार. होडी टेकली की उतरा, उचला, शेवाळावरून घसरत पुढे न्या, पुन्हा बसा. एका धबधब्याखाली तिचं पोट फाटलं. सायकलच्या ट्यूबचा तुकडा चिकटवून तो वाळेस्तोवर तिघं उन्हात बसून राहिले. रोहिणीच्या तळव्यांना फोड आले. मल्हारीचे गुडघे सुजले. प्रत्येक मुक्कामी तो नदीत उतरायचा, बाटली भरायचा, झाकणावर पट्टी लावून सही करायचा आणि बाटली पाठीवरच्या पिशवीत टाकायचा. ती पिशवी तो झोपतानाही उशाला घ्यायचा.

"मालक, बायकोला इतकं जपलं असतं तं तिनं रोज शिरा केला असता," सहादू म्हणाला.

"तू चाल गुमान."

"चालतोच हाय. बसायला कुठं देतां तुम्ही."

ऑक्टोबरचं ऊन डोक्यावर आणि डोंगर पाठीमागे टाकत शेवटी ते सपाटीला लागले. नदी रुंद झाली, सुस्तावली, गढूळली. त्या संध्याकाळी काठावर मुक्काम पडला. पूर्वेला कोजागिरीचा चंद्र वर येत होता.

"काका, भरती-ओहोटीच्या वेळा कुणाला तरी विचारायच्या का?" रोहिणीने पाय चोळत विचारलं.

"समुद्र दिसतोय का कुठं? ही अजून नदीच आहे," मल्हारी म्हणाला. "उद्या सकाळी शेवटची बाटली भरू आणि परवा घरी."

तिनेही मग विषय वाढवला नाही. दमलेला माणूस हवं असलेलं उत्तर मिळालं की तेच उचलतो.

सकाळी बघतात तो नदी आटलेली! रात्री काठाला भिडलेलं पाणी पुरुषभर खाली गेलं होतं. मधोमध वाळूचा लांबलचक पट्टा उघडा पडला होता, आणि त्याच्या खालच्या अंगाला चिखलाच्या उंचवट्यावर कसलीशी हिरवी झुडपं, मुळं वर काढून उभी.

सहादू कमरेवर हात ठेवून बघत राहिला. "वर कुणीतरी पाणी अडवलां."

"अडवलंय म्हणजे सोडणार," मल्हारी म्हणाला.

"सोडणार म्हंजे लोंढा येणार. मी वरच्या टोकाला थांबतो. दिसला की शीळ घालतो, तुम्ही पळा."

तिघांनाही ते पटलं. घाटमाथ्यावर जन्म काढलेल्या माणसाला पाणी वरूनच येतं हे आईच्या दुधाबरोबर कळतं. गोदेला पूर येतो तो वरून, ओढा फुगतो तो वरून. त्यांनी होडी वाळूच्या पट्ट्यावर ओढली, तोंड वरच्या अंगाला केलं आणि शेपटाकडे धोंडा लावला; लोंढा आलाच तर होडी धोंड्याला अडावी म्हणून. पिण्याच्या पाण्याचा कॅन आणि रोहिणीचा फोन होडीतच राहिला. मल्हारीची पिशवी पाठीवर होती.

सहादू लांब वरच्या टोकाला जाऊन बसला, डोंगराकडे तोंड करून. मल्हारी आणि रोहिणी पट्ट्याच्या खालच्या टोकाला गेले. रोहिणीने मीटरचं टोक पाण्यात बुडवलं.

"अर्धा."

"बघ," मल्हारी खूश झाला. "इथपर्यंत अर्धा. बागेला सोडलं तर वेल नाचतील."

तो बाटल्या पुसून ओळीने लावत बसला. आकडा नीट स्थिरावू द्यावा म्हणून रोहिणी मीटर धरून थांबली. तिच्या कपाळाला आठी पडली.

"एक झाला, काका."

"नीट धर."

तिने टोक ओढणीला पुसलं. पुन्हा बुडवलं. "तीन. मीटर बिघडला बहुतेक. परवा खडकावर आपटला होता."

"आता?"

"आठ."

मल्हारीने बोट बुडवून जिभेला लावलं. खारट. आणि मग त्याला दिसलं की पाण्यावरचा पाचोळा उलटा चाललाय. डोंगराकडे!

ना आवाज, ना लाट. फेसाची एक बारीक कड वाळूवरून सरकत येत होती, सांडलेलं दूध ओट्यावर पसरावं तशी. मल्हारी उठेपर्यंत ती त्याच्या घोट्याला लागली होती.

"सहादू! मागं बघ! मागं!"

सहादू डोंगराकडेच बघत होता. त्याने ऐकलं तेव्हा त्याच्या आणि या दोघांच्या मधली वाळू बुडाली होती. होडी उचलली गेली, गर्रकन फिरली आणि धोंडा जागेवर ठेवून वरच्या अंगाला निघून गेली. कॅन गेला. फोन गेला. बाटल्या पिशवीत कोंबून मल्हारीने पिशवी खांद्यावर टाकली, रोहिणीचा दंड धरला आणि झुडपांच्या उंचवट्याकडे सुटला. पाणी गुडघ्याला. मांडीला. चिखलाने चपला गिळल्या. मुळांना चिकटलेल्या शिंपल्यांनी पाय फाटले. एक फांदी हाताला लागली. रोहिणी वर चढली. मल्हारी चढला.

त्यांच्याकडे निघालेला सहादू उंचवट्यापासून काही हातांवर अजून पाण्यात होता. छातीपर्यंत. ओढा पोहणारा माणूस, पण हे पाणी त्याला उलट्या दिशेने खेचत होतं आणि तो सवयीने चुकीच्या बाजूला जोर लावत होता. दोनदा डोकं बुडालं. रोहिणीने ओढणी फेकली. तिसऱ्या वेळी ती त्याच्या हाती आली. दोघांनी ओढून त्याला चिखलावर घेतलं, तेव्हा त्याने पोटभर खारं पाणी ओकलं.

"खालून आलां," तो एवढंच म्हणाला. "पाणी खालून आलां, मालक."

मग सुरू झाली दुपार. पाणी चढत चढत उंचवट्याच्या माथ्याशी येऊन थांबलं. चारी बाजूंनी पाणी, त्यातलं घोटभर प्यायच्या लायकीचं नाही. मल्हारीच्या खिशातला फोन भिजून मेला होता. सावली म्हणावी तर विटीएवढ्या पानांची. सहादू ओकतच राहिला. मग ओकायचं थांबलं, आणि ते जास्त वाईट होतं. त्याचं अंग कोरडं पडलं, तव्यासारखं तापलं. रोहिणी ओढणी खाऱ्या पाण्यात भिजवून त्याच्या छातीवर, काखेत ठेवत होती.

"डोळा राखून काप," सहादू डोळे मिटूनच ओरडला. "ए पोरा, काडी कशी धरतो? मालक बघंल ना."

तो मनाने बागेतल्या छाटणीत पोचला होता. मल्हारीने मान फिरवली.

"काका," रोहिणी म्हणाली. "बाटल्या."

"ऐकतोय."

"ऐकताय तर काढा ना."

"सोमवारी सुनावणी आहे, रोहिणी. पट्टी फाटली की पुरावा गेला. पुढच्या महिन्यात नदीला धार राहत नाही, पुन्हा यायचं म्हटलं तरी वर्ष जाईल. माझी बाग वर्षभर थांबेल का?"

"हा थांबेल का तासभर?"

 मल्हारीने पिशवी जवळ ओढली. माणूस समोर भाजतोय आणि आपण पिशवीचा बंद हातात घट्ट धरून बसलोय, हे त्याला स्वतःला दिसत होतं, तरी बोटं सुटत नव्हती. आपण प्यायचं पाणी होडीत ठेवलं आणि दाखवायचं पाणी पाठीवर बांधलं! सभांमध्ये घसा फोडून हेच केलं की काय आजवर?

त्याने सपाटीवरची बाटली काढली. पट्टी फाडली. सहादूचं डोकं मांडीवर घेऊन ओठ ओले केले. आधी थेंब, मग घोट. पहिले दोन घोट बाहेर आले. तिसरा राहिला.

"सावकाश," रोहिणी म्हणाली. "घाई नका करू."

ती बाटली संपली. मग धबधब्याची. मग कातळावरच्या मुक्कामाची. दोन-दोन घोट त्या दोघांनीही घेतले. रोहिणीचीही शुद्ध हरपायला लागली होती. ऊन उतरायला लागलं तेव्हा सहादूच्या कपाळावर घामाचा पहिला थेंब आला. सीलबंद राहिली होती ती फक्त उगमाची. मल्हारीने तीही फोडली.

पाणी जसं आलं तसंच, न बोलता, खाली निघालं. त्याबरोबर वरून एक लाकडी होडी आली आणि तिच्या मागे दोरीने बांधलेली त्यांची रबरी होडी. वल्हं मारणारा मच्छीमार जवळ येऊन थांबला, तिघांकडे बघितलं आणि कपाळावर हात मारला.

"ही रिकामी होडी आमच्या गावाशी वर चालली होती. तवाच म्हटलं, घाटावरचे असणार. पुनवेच्या उधाणाला वाळूवर कोण बसतंय?" त्याने आपलं नाव नाथा सांगितलं आणि सहादूला एकट्याने उचलून होडीत घातलं. "पाणी घ्या. पोटभर घ्या."

त्याने प्लास्टिकचा डबा पुढे केला. रोहिणी दोन्ही हातांनी प्यायली आणि थबकली. "हे कुठलं?"

"नदीचंच. ओहोटी सरत आली की वरचं-वरचं भरून ठेवायचं. खालचं तवाही खारंच."

रबरी होडीतला फोन वाजायला लागला. पडद्यावर रविराजभाऊ. रोहिणीने फोन मल्हारीकडे दिला.

"मल्हारीभाऊ, दिवसभर लावतोय. नमुने झाले ना सगळे?"

"शेवटचा सोडून झाले होते."

"होते म्हणजे?"

"पिलो आम्ही. माणूस मरत होता."

पलीकडून हसू आलं.  "अहो, मग त्यात काय एवढं? येताना कुठल्याही नळावर भरा, नवी पट्टी लावा. सही तर तुमचीच आहे. कोण विचारतंय?"

"नाय जमणार."

"तुमच्याच बागेसाठी चाललंय हे. विसरू नका."

"विसरलो नाय," मल्हारी म्हणाला. त्याचा आवाज चढला नाही. चढवायला अंगात काही उरलंच नव्हतं. "बाग माझीच जळतेय. सोमवारी या नदीच्या तोंडाबद्दल बोलायचं असेल तर तुम्ही इथं येऊन बोला. एक भरती बसून बघा. मणका घेऊन या."

त्याने फोन बंद केला. होडीच्या तळाशी पडलेला सहादू कण्हत हसला. "ती शेवटची बाटली आमच्या पाड्याकडची होती ना? चवीवरून वळखली."

"तू तेव्हा बेशुद्ध होतास, मेल्या."

"म्हणून काय चव जाते?"

रोहिणी हसली आणि हसता हसता रडायला लागली.  नाथाने वल्हं उचललं, होडी ओहोटीच्या विरुद्ध रेटत गावाकडे निघाली. मल्हारी रिकामी पिशवी मांडीवर घेऊन बसला होता. जखमांत मीठ भिनून पाय ठणकत होते. बऱ्याच वेळाने त्याने मान वर केली.

"नाथाभाऊ, उन्हाळ्यात नदी बारीक होते, तेव्हा हे खारं कुठवर चढतं?"

"तुम्हाला कशाला पाहिजे?"

"मला माहीत नाही म्हणून विचारतो."

नाथाने त्याच्याकडे एकवार निरखून पाहिलं. मग वल्हं मांडीवर आडवं ठेवलं, डाव्या काठावरच्या, मिठाने पांढुरक्या पडलेल्या भातखाचराकडे बोट केलं आणि सांगायला लागला. मल्हारी ऐकत राहिला.