क्यू देणाऱ्याचा आवाज

आमच्या मालिकेत फोनवरचे प्रसंग फार. पलीकडचा माणूस दाखवावा लागत नाही, एका खोलीत काम भागतं. नायिका फोन कानाला लावते आणि पलीकडची वाक्यं मी कॅमेऱ्यामागे स्टुलावर बसून वाचतो. याला क्यू देणं म्हणतात. संकलनात माझा आवाज काढून टाकतात. लेखक मी, निर्माता मी, पण एकवीस वर्षांत प्रेक्षकांनी माझा शब्दही ऐकलेला नाही. शेवटी पडद्यावर नाव येतं, तेव्हा लोक पाणी प्यायला उठलेले असतात.

गेल्या महिन्यात संकलक बाईंनी मला हेडफोन दिला.

"सर, हल्ली तुम्ही क्यू देत नाही का?"

"घसा बसेपर्यंत देतोय की!"

"मग हे ऐका."

नायिकेचा आवाज स्वच्छ होता. माझ्या स्टुलाची करकर होती, मी कागद उलटल्याचंही ऐकू येत होतं. फक्त माझं बोलणं नव्हतं. नायिका मात्र बरोबर तेवढीच थांबत होती, मध्येच हसत होती, "हो बाबा" म्हणत होती. आम्ही माईक बदलला. तीन आठवडे तेच. "चला, काढायचं एक काम वाचलं," असं बाई म्हणाल्या खऱ्या, पण हेडफोन त्यांनी घाईने बाजूला ठेवला.

रविवारी ताईचा फोन आला.

"बरं केलंस रे, लेकीशी बोलायला लागलास. रोज दुपारी तीनला फोन करतोस म्हणे. पोरीची कळी खुलली आहे अगदी!"

माझी मुलगी सहा वर्षं माझ्याशी बोललेली नाही. तिची आई गेली त्या दिवशी मी आधी भाग पूर्ण केला आणि मग निघालो. चार तास उशीर झाला. तेव्हापासून मी तिचा नंबर काढतो आणि फोन खाली ठेवतो. दुपारी तीनला तर मी रोज स्टुलावर असतो, पंधरा माणसांसमोर.

"काय बोलतो मी तिच्याशी?"

"मलाच विचारतोस होय? जेवलीस का, झोप लागते का, असंच. परवा माफी मागितलीस म्हणे त्या दिवसाची. रडली रे ती."

माफीचा तो प्रसंग मी मालिकेतल्या बापासाठी लिहिला होता. परवाच वाचलाही होता. स्वतःच्या तोंडाने मला तो कधी जमला नसता. मला भीती वाटायला हवी होती, पण आधी हेवा वाटला.

सोमवारी मी शूटिंगच रद्द केलं. पहिल्यांदाच. तीनपर्यंत घरात एकटा बसून राहिलो, तोंडाला कुलूप लावून.

तीन वाजून पाच मिनिटांनी तिला फोन लावला.

तिने उचलला. सहा वर्षांनी तो आवाज ऐकला आणि माझे डोळे भरून आले.

"बाळा, मी बोलतोय. बाबा."

"हॅलो?"

"बाबा बोलतोय गं!"

"हॅलो? कोण आहे?"

तिच्याजवळ दुसरा फोन स्पीकरवर चालू असावा. त्यातून कुणीतरी सावकाश, मायेने विचारलं, "कोणाचा फोन गं?"

तो माझा आवाज होता.

"काय माहीत, बाबा," ती म्हणाली. "नुसता श्वास ऐकू येतोय."