हमी आणि हामी

वाचनालयात शिरल्या शिरल्या जो माणूस कर्जाचं पुस्तक मागतो, त्याच्यापासून शहाण्या मुलीनं चार हात लांब राहावं. हे मला कळत होतं. तरी मी माझी छत्री बाजूला केली आणि त्याला बाकावर जागा दिली.

बाहेर ऐप्पसी या तमिळ महिन्यातला, म्हणजे दिवाळीच्या सुमाराचा पाऊस धो धो कोसळत होता. तंजावूरच्या राजवाड्यामागच्या गल्लीत माझ्या वडिलांचं, अप्पांचं, पुस्तकं भाड्यानं देणारं वाचनालय होतं. तमिळ कादंबऱ्या हातोहात जात. पण कोपऱ्यातल्या कपाटाला, म्हणजे कर्ज, शिष्यवृत्ती, महागाई असल्या विषयांवरच्या इंग्रजी पुस्तकांना, कुत्रंही विचारत नव्हतं.

"अप्पा, हे अगदी भिजून आलेत. टुवाल देऊं कां?" मी आत विचारलं.

त्यानं चमकून माझ्याकडे पाहिलं. "तुम्ही... मराठी?"

"होव. मराठे राजांच्या काळापासून येथलेच. तुम्ही कोठचे?"

"परळीचा. माझं नाव वैद्यनाथ." एवढं बोलून तो ओठ दाबून हसला. माझ्या बोलण्याला हसला! मला असा राग आला... आणि त्याच्या गालावरून ओघळणारं पाणी मात्र मी बघतच राहिले.

मग तो दर शनिवारी येऊ लागला. आधी विद्यार्थ्यांच्या कर्जाचं पुस्तक, मग महागाईचं, मग कर्ज बुडवणाऱ्यांचं. अप्पांच्या कपाळाला आठ्या पडल्या. "गायत्री, पोरगा गळ्यापर्यंत बुडालाय." मला त्याची फार दया यायची. मी त्याच्याकडून भाडं घेईना, वर कॉफीही द्यायची. दया इतकी वाढली, की शुक्रवारी रात्री झोप लागेना.

मग एका शनिवारी तो आला, पण कपाटाकडे वळलाच नाही.

"माझी बदली झाली. परळीजवळच."

"बदली? तुम्हाला नोकरी आहे?"

"इथल्या बँकेत. विद्यार्थ्यांना कर्ज मीच देतो." त्याचे कान लाल झाले होते. "कॉफी बंद होईल म्हणून बोललो नाही."

"मग हे अस्के कां वाचलांत? अस्की पुस्तकं, एकूणएक?"

"वाचली कुठे? ते कपाट तुमच्या टेबलाजवळ आहे."

मी घाईघाईनं पुढ्यातलं पुस्तक उघडलं आणि दिसला तो शब्द विचारला. "हे 'गॅरंटर'... तुमच्याकडे काय म्हणतात ह्यास?"

"हमी देणारा. एकाला नाही पेललं, तर दुसरा उभा राहतो. ती हमी."

"हामी?" मला हसू फुटलं. "तुम्ही 'आम्ही' म्हणतां, तेंच आमचं हामी! एकास पेललं नाही, तर हामी!"

तो मात्र हसला नाही. पाऊस थांबला होता, पागोळ्या तेवढ्या गळत होत्या.

"गायत्री, परळीला याल? माझ्याबरोबर... कायमच्या?"

इतके शनिवार मला हेच ऐकायचं होतं. आणि ऐकल्यावर मी घाबरले. "तेथले हासतील माझ्या बोलण्यास."

"हसतील. मीही हसलो होतो. आता ते ऐकल्याशिवाय मला करमत नाही."

"मला वाचतां येत नाही तुमची मराठी अक्षरं. तेथें माझं मन लागलं नाही तर? एकलीस पेललं नाही तर?"

त्यानं माझ्या पुढ्यातलं पुस्तक मिटलं. मग माझ्यासारखं बोलायला जात, 'हा' लांबवून म्हणाला, "हामी."

त्याचा उच्चार चुकला होता, हेल तर साफ चुकला होता. पण माझे डोळे भरून आले.

"अप्पा," मी आत हाक मारली, "बाहेर या. हामी दोघे काहीं सांगणार आहों."